सांधलेली काच आणि दुरुस्त झालेले खेळ

(संस्थेच्या ज्येष्ठ नागरिक कट्ट्यावर झालेले भाषण, स्मरणिकेसाठी लिहून काढलेले)



रौप्यमहोत्सवाच्या छंद-प्रदर्शनात मला आणि ‘बी’ विंगमधल्या मुलांना शेजारशेजारची टेबलं मिळाली आहेत. माझ्या टेबलावर काच : जुन्या हंड्या, कंदिलाच्या काचा, गोटी सोड्याच्या बाटल्या, शाईच्या दौती. मुलांच्या टेबलावर व्हिडिओ गेम. सेक्रेटरी म्हणाले, दोन्ही टेबलांवर मिळून एकच भाषण करा, वेळ वाचेल. आधी मला वाटलं, या दोन वस्तूंचा एकमेकींशी संबंध काय? पण नातवाशी दोन-चार संध्याकाळी बोललो तेव्हा लक्षात आलं की संबंध चांगलाच आहे. दोन्हीकडे एकच प्रश्न येतो. वस्तू बिघडली, फुटली, मग कोणीतरी दुरुस्त केली. आता जी समोर आहे ती तीच वस्तू म्हणायची का दुसरी? आणि दुरुस्ती केली हे सांगायचं का लपवायचं?

मी बँकेत चाकरी केलेला माणूस. आमच्याकडे या प्रश्नाचं उत्तर नोकरीच्या पहिल्या आठवड्यातच शिकवत. लेजरमध्ये आकडा चुकला तर खोडरबर लावायचा नाही, ब्लेडने खरवडायचा नाही, पुढे पांढरी शाई आली तीही लावायची नाही. चुकीच्या आकड्यावर एक आडवी रेघ, खालचा आकडा वाचता आला पाहिजे अशी. वर बरोबर आकडा, आणि शेजारी ज्याने दुरुस्त केलं त्याची छोटी सही. खाडाखोड असलेलं पान ऑडिटरला चालायचं. खाडाखोड लपवलेलं पान मात्र चालायचं नाही. एवढी शिदोरी घेऊन मी काचेकडे बघतो.

काचेच्या दुरुस्तीची जगातली सगळ्यात गाजलेली गोष्ट लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधल्या ‘पोर्टलंड व्हाझ’ची. जेमतेम वीतभर उंचीचा, म्हणजे साधारण २४-२५ सेंटिमीटरचा, रोमन काळातला कलश. इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या सुरुवातीचा मानतात. गडद निळी, जवळजवळ काळी काच, तिच्यावर पांढऱ्या काचेचा थर, आणि तो पांढरा थर कोरून काढलेल्या माणसांच्या आकृत्या. ड्यूक ऑफ पोर्टलंडच्या घराण्याकडे तो होता, १८१० साली त्यांनी म्युझियममध्ये ठेवायला दिला. १८४५ च्या फेब्रुवारीत एक तरुण दारूच्या अंमलात तिथे आला, शेजारचं एक दगडी शिल्प उचललं आणि कपाटावर फेकलं. कपाटही फुटलं आणि कलशही. तुकडे सुमारे दोनशे.

इथे कायद्याची गंमत आहे, ती सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. त्या वेळचा नुकसानीचा कायदा पाच पौंडांपर्यंतच्या मालालाच लागू होता. कलश अनमोल, म्हणून त्याबद्दल शिक्षा करता येईना! शेवटी त्या माणसाला शिक्षा झाली ती कपाटाची काच फोडल्याबद्दल. तीन पौंड दंड. तोही कुणीतरी निनावी भरून टाकला.

जॉन डबलडे नावाच्या म्युझियमच्या कारागिराने त्याच वर्षी कलश पुन्हा जोडून उभा केला. जोडायच्या आधी सगळ्या तुकड्यांचं एक जलरंगातलं चित्र काढून ठेवलं होतं, हे मला फार आवडतं. आधी नोंद, मग दुरुस्ती. पण बारीक बारीक ३७ तुकडे त्याला बसवता आले नाहीत. ते तुकडे एका पेट्या करणाऱ्याकडे गेले, प्रत्येक तुकड्याला एक असे ३७ कप्पे असलेली पेटी बनवायला. पेटीवाला वारला, पेटी न्यायला कोणी आलंच नाही. पुढे १९४८ साली, म्हणजे शंभर वर्षांनी, कोणीतरी ते तुकडे घेऊन म्युझियमच्या दारात आलं, हे कशाचे आहेत सांगा म्हणून! त्या सुमारास कलशाची दुसऱ्यांदा दुरुस्ती झाली आणि त्या ३७ पैकी तीनच तुकडे बसवता आले. तिसरी दुरुस्ती १९८८-८९ मध्ये, नायजेल विल्यम्स आणि सँड्रा स्मिथ यांनी केली. आधीचे सगळे गोंद म्हातारे झाले होते, सांधे धरत नव्हते. मग पुन्हा सगळे फोटो, सगळी रेखाटनं, कुठला तुकडा कुठे होता त्याची नोंद, आणि त्यानंतर तो कलश मुद्दाम सुटा केला. म्हणजे पुन्हा ‘फोडला’च म्हणा ना. आता नीट बसवायला जावं तर काही तुकड्यांच्या कडा आधीच्या दुरुस्तीवाल्यांनी कानशीने घासलेल्या सापडल्या. आपला तुकडा बसावा म्हणून मूळ काच घासलेली! तरीसुद्धा अगदी बारीक कपच्या सोडून सगळं बसवलं. जिथे काच हरवली होती तिथे निळं किंवा पांढरं रेझिन भरलं.

या तीन दुरुस्त्यांत मला गुन्हा फक्त एकच दिसतो, तो म्हणजे कानस. गोंद पिवळा पडला तर काढता येतो, तुकडा चुकीच्या जागी बसला तर सोडवता येतो. घासलेली काच परत येत नाही. ब्लेडने खरवडलेल्या लेजरच्या पानासारखं ते आहे.

याच कलशाच्या तळाला एक गोल काचेची चकती होती, तिच्यावर टोपी घातलेल्या तरुणाचं डोकं कोरलेलं. ही चकती मूळ कलशाची नव्हेच. कलश मूळचा निमुळत्या तळाचा असावा, तो तळ कधीतरी तुटला आणि कोणीतरी दुसऱ्याच वस्तूची चकती तिथे बसवली असं जाणकार मानतात. म्हणजे ज्याला सगळे ‘मूळ’ म्हणत होते तोच मुळात सांधलेला होता. १८४५ नंतर ती चकती कलशापासून वेगळी ठेवली.

आमच्या काउंटरवर अशी वस्तू आली की आम्ही तिला ‘जुळवलेली नोट’ म्हणायचो. एका नोटेचा अर्धा, दुसऱ्या नोटेचा अर्धा, मध्ये चिकटपट्टी. दोन्ही अर्धे खरे, पण नोट खोटी. जुन्या बाजारात अशा हंड्या भरपूर. काच एका हंडीची, पितळी कडं दुसऱ्याच. कंदील ओगलेवाडीचा ‘प्रभाकर’, आतली काच मात्र परवाची. विकणारा तसं सांगत असेल तर माझी तक्रार नाही. कंदिलाची काच बदलायचीच वस्तू आहे, आमच्या लहानपणी वर्षातून दोनदा बदलली जायची. पण तो सांगत नाही. वर ‘पेशव्यांच्या वाड्यातली आहे, साहेब’ हे पुस्ती जोडून सांगतो.

आता काच सांधतात कशी, हे थोडक्यात. फुटलेली जुनी काच पुन्हा तापवून जोडता येत नाही. एका बाजूने उष्णता लागली की ताण येऊन दुसरीकडे तडकते. म्हणून गोंदच लागतो. पूर्वी सरस, लाख, हल्ली इपॉक्सी. तडा आपल्याला दिसतो तो काच तुटली म्हणून नव्हे, तर दोन काचांच्या मध्ये हवेची फट आली म्हणून. प्रकाश त्या फटीवर आदळतो आणि चमकतो. त्या फटीत काचेइतकाच प्रकाश वाकवणारं रेझिन मुरवलं की तडा दिसेनासा होतो. घरी करून बघा. प्रयोगशाळेतली बोरोसिलची दांडी गोडेतेलाच्या वाटीत उभी करा, तेलातला भाग डोळ्यांना दिसत नाही. चांगलं रेझिन आठवडाभर वाळत ठेवावं लागतं. आपलं घरगुती चिकटवायचं सामान पाच मिनिटांत धरतं आणि पाच वर्षांत पिवळं होतं.

दुसरी पद्धत घासायची. काठाचा टवका उडाला की सगळा काठ टवक्याच्या खोलीपर्यंत घासून टाकायचा आणि पॉलिश मारायचं. हे ओळखायला बोट पुरतं. मूळ काठ भट्टीत वितळून गोलसर झालेला असतो, त्याच्यावरून बोट घसरतं. घासलेला काठ सपाट आणि कडेला किंचित धारदार लागतो. जोडीतल्या दोन हंड्या असतील तर एक सुतभर बुटकी निघते.

रेझिन ओळखायला मात्र बँक उपयोगी पडली. नोटा तपासायचा जांभळा दिवा असतो ना, अल्ट्राव्हायोलेट, तो अंधारात काचेवर धरायचा. बरीचशी इपॉक्सी आणि गोंद निळसर-पांढरे चमकतात, काच तशी चमकत नाही. सांधा रेघेसारखा उठून दिसतो. काही काच स्वतःच चमकते, युरेनियम घातलेली जुनी काच हिरवीगार पेटते, तेव्हा घाबरून जाऊ नये. शंभर-दोनशे रुपयांची टॉर्च मिळते.

या टॉर्चने आपल्या संस्थेत एक काम झालं आहे. नाव घेत नाही, ‘सी’ विंगमधल्या आमच्या एक वहिनी. घरात आजारपण निघालं, खर्च वाढत चालला, म्हणून सासऱ्यांच्या वेळच्या हंड्यांची जोडी विकायला काढली. एका व्यापाऱ्याने उजेडात धरल्यासारखं केलं आणि म्हणाला, दोन्ही सांधलेल्या आहेत, भंगाराचा भाव देतो. वहिनी बिचाऱ्या देऊनच टाकणार होत्या. आम्ही रात्री त्यांच्या स्वयंपाकघरातले दिवे घालवून टॉर्च लावली. एका हंडीला काहीही नव्हतं. दुसरीच्या काठाला करंगळीच्या नखाएवढा भरलेला टवका होता, तेवढाच चमकला. मी साध्या कागदावर दोन ओळी लिहून दिल्या : पहिली अखंड, दुसरी काठाला अमुक ठिकाणी दुरुस्त, तपासल्याची तारीख, खाली सही. तो कागद घेऊन त्या दुसऱ्या गिऱ्हाइकाकडे गेल्या. त्याने कागद वाचला, टवका पाहिला, अखंडचे जास्त दिले, दुरुस्तचे कमी दिले, आणि दोन्ही मिळून पहिल्याने बोललेल्या रकमेच्या चौपट झाले. दुरुस्ती सांगितल्याने भाव पडतो हे अर्धसत्य आहे. संशयाने भाव त्याहून जास्त पडतो.

मुलं मागे चुळबुळ करायला लागली आहेत, तेव्हा आता त्यांच्या टेबलाकडे वळतो.

मुलांच्या टेबलावर एक पिवळी कॅसेट आहे. १९९० च्या दशकात आपल्या पोरांना जे व्हिडिओ गेम घेऊन दिले, मीडिया, लिटिल मास्टर वगैरे, त्यांच्यात ही घालायची. वर लिहिलंय ९९९९ खेळ. माझ्या मुलाने ते मोजायचा प्रयत्न केला होता, वीस-पंचवीसच्या पुढे तेच ते खेळ पुन्हा येतात. पण नातवाने मला दाखवलं की तेच ते म्हणजे अगदी तेच नव्हेत. तोच मारिओ, पण सुरुवात तिसऱ्या पायरीवरून. तीच कॉन्ट्रा, पण तीनऐवजी तीस जीव. कोणीतरी मूळ खेळाच्या आकड्यांत दोन-चार ठिकाणी खाडाखोड करून ‘नवा’ खेळ म्हणून मोजला. आणि पुष्कळदा पहिल्या पानावरचं मूळ कंपनीचं नाव, साल पुसून टाकलं. ही झाली पांढरी शाई. आपल्या घराघरांत ती होती आणि आपण कौतुकाने विकत घेत होतो, कारण खरी कॅसेट परवडणारी नव्हती आणि सहसा मिळतही नव्हती. मी त्या पोरांना किंवा त्यांच्या आईबापांना दोष देणार नाही. त्या खाडाखोड केलेल्या कॅसेटवरच एक अख्खी पिढी खेळ शिकली.

खेळाच्या दुरुस्तीला ‘पॅच’ म्हणतात, म्हणजे ठिगळ, आणि शब्द अक्षरशः खरा आहे. सुरुवातीच्या संगणकांना हुकूम द्यायचे ते कागदी पट्टीवर भोकं पाडून. भोक चुकलं की त्यावर कागदाचा तुकडा चिकटवायचा. ते ठिगळ डोळ्यांना दिसायचं, बोटाला लागायचं. आमच्या लेजरसारखंच.

पण खेळ चिपमध्ये गेले आणि काचेसारखे झाले. एकदा भट्टीतून बाहेर आले की बदल नाही. याचं प्रसिद्ध उदाहरण ‘पॅक-मॅन’. १९८० चा जपानी खेळ, नाम्को कंपनीचा. तोंड उघडझाप करणारा पिवळा गोळा, तुम्ही सगळ्यांनी पाहिलाय. त्यात आपण कितव्या पायरीवर आहोत हे मोजायला जी जागा ठेवली होती तिच्यात ० ते २५५ एवढेच आकडे मावतात. जुन्या छापील व्हाउचरच्या रकान्यात अमुकच आकडे मावायचे तसं. कोणी तिथपर्यंत पोचेल असं वाटलंच नसावं. लोक पोचले. २५६ व्या पायरीला हिशोब ओसंडतो आणि पडद्याची उजवी अर्धी बाजू अक्षरांचा आणि चित्रांचा कचरा होऊन जाते. खायचे ठिपके पुरे पडत नाहीत, म्हणून ती पायरी ओलांडता येत नाही.

मी नातवाला म्हटलं, मग हे कोणी दुरुस्त केलं नाही का? तो म्हणाला, “आबा, दुरुस्त करणं सोपं आहे, पण करायचं नसतं. तो त्या खेळाचा शेवट आहे.” जुन्या काचेतला हवेचा बुडबुडा आपण काढत नाही, उलट त्यावरून वय ओळखतो. तसंच हे. ‘निर्दोष’ करण्याच्या हौसेला कुठे थांबायचं हे या मुलांना आमच्या काही व्यापाऱ्यांपेक्षा बरं कळतं.

मूळ चिपला हात न लावता केलेल्या दुरुस्तीचा नमुना म्हणजे ‘मिस पॅक-मॅन’. अमेरिकेतल्या एम.आय.टी.च्या काही विद्यार्थ्यांनी दुसऱ्यांच्या खेळयंत्रांवर बसवायच्या जादा पाट्या बनवायचा धंदा काढला. जुना खेळ लोकांना कंटाळवाणा झाला की दुकानदार ही पाटी बसवी, खेळ नवा होई. पहिली पाटी अटारी कंपनीच्या खेळासाठी होती. अटारीने कोर्टात खेचलं, तडजोड झाली, मूळ कंपनीच्या परवानगीशिवाय पाट्या विकायच्या नाहीत असं ठरलं. मग या मुलांनी पॅक-मॅनची सुधारलेली पाटी केली आणि थेट त्या खेळाचा अमेरिकेतला परवाना असलेल्या मिडवे कंपनीकडे गेले, हे बघा आणि परवानगी द्या म्हणून. मिडवेने तोच खेळ १९८२ साली ‘मिस पॅक-मॅन’ नावाने बाजारात आणला आणि तो तुफान चालला. मूळ चिपा तशाच, फक्त ठराविक ठिकाणी यंत्र वाचायला गेलं की पाटी मध्ये पडून नवा मजकूर पुढे करते. पाटी काढा, खाली जुना पॅक-मॅन शाबूत. ब्रिटिश म्युझियमच्या कारागिरांनी हेच तत्त्व मान्य केलं असतं.

एक दुरुस्ती तर वस्तूची नव्हे, शेजाऱ्याची आहे. ‘सिमसिटी’ म्हणून शहर वसवण्याचा खेळ होता. तो परत केलेली मेमरी पुन्हा वापरायचा, म्हणजे रिकामी केलेल्या खोलीत चोरून राहायचा. जुन्या विंडोजवर ते खपून गेलं. विंडोज ९५ वर खेळ कोसळायला लागला. मायक्रोसॉफ्टने काय केलं, तर विंडोजमध्येच सोय केली की सिमसिटी चालू असेल तर खोली लगेच दुसऱ्याला द्यायची नाही. जोएल स्पोल्स्की या जाणकाराने ही हकिकत लिहून ठेवली आहे. बाथरूमची गळती वरच्या मजल्याने न सांगता दुरुस्त करून द्यावी, असं आपल्या संस्थेत कधी घडलंय का ते कमिटीने सांगावं!

आणि एक तडा मुळात नव्हताच. ‘सिव्हिलायझेशन’ नावाच्या १९९१ च्या खेळात आपले गांधीजी भारताचे नेते आहेत. दंतकथा अशी की त्यांचा आक्रमकपणा १ ठेवला होता, लोकशाही आली की २ वजा व्हायचे, उणे आकडा मावत नसल्याने तो फिरून २५५ व्हायचा आणि गांधीजी अणुबॉम्ब टाकायला निघायचे. वर पॅक-मॅनचं सांगितलं त्यामुळे पटतंही. पण खेळाचे कर्ते सिड मायर यांनी २०२० मध्ये आठवणींच्या पुस्तकात लिहिलं की अशी चूक त्या खेळात नव्हतीच. गंमत म्हणजे पाचव्या आवृत्तीत, २०१० साली, कंपनीने गांधीजींची अण्वस्त्रांची आवड मुद्दाम वाढवून ठेवली. पेशव्यांच्या वाड्यातल्या हंडीसारखंच झालं हे.

हसून झालं असेल तर आता मला ज्याची खरी काळजी वाटते ते सांगतो.

इंटरनेट आल्यापासून खेळ काचेसारखे राहिले नाहीत, ओल्या मातीसारखे झाले. विकून झाल्यावरही दुरुस्त करता येतात. हे चांगलंच आहे. ‘ई.टी.’ नावाचा अटारीचा खेळ १९८२ साली सुमारे पाच आठवड्यांत उरकला, लोकांना खड्ड्यात पडण्याचा इतका वैताग आला की तो साफ पडला, आणि १९८३ मध्ये त्याच्या कॅसेटी इतर मालाबरोबर न्यू मेक्सिकोतल्या अलामोगोर्डोच्या कचराभूमीत पुरल्या. २०१४ मध्ये त्या उकरून काढल्या. आजच्यासारखी सोय असती तर महिनाभरात खड्डे दुरुस्त झाले असते. पुढे एका हौशी माणसाने ते करूनही दाखवलं.

पण सोय झाली की ढिलाई येते. डिसेंबर २०२० मध्ये पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट कंपनीने ‘सायबरपंक २०७७’ हा खेळ इतक्या कच्च्या अवस्थेत विकला की सोनीने आठवडाभरातच तो आपल्या दुकानातून काढला, पैसे परत देऊ केले. जूनमध्ये तो परत आला. २०२३ च्या सप्टेंबरमध्ये २.० आली आणि आता मुलं त्याची तारीफ करतात. नातू म्हणतो, झालं ना नीट. मी म्हणतो, ज्याने पहिल्या दिवशी पूर्ण पैसे मोजले त्याने अर्धवट मालाचे पैसे दिले, आणि त्याला पुढची अडीच-तीन वर्षं कंपनीचा बिनपगारी तपासनीस केलं. यावर आमचं एकमत होत नाही. तो म्हणतो, आबा, तुमच्या बँकेत कॉम्प्युटर आले तेव्हा ग्राहकांनी काय केलं? हा टोला मी मुकाट्याने घेतला, पण मत बदललेलं नाही.

याहून वाईट म्हणजे प्रत्येक नव्या आवृत्तीखाली जुनी गाडली जाते. दुरुस्तीची यादी कंपन्या छापतात, हे मला मान्य आहे, ती छोटी सही झाली. पण रेघेखालचा आकडा? तो वाचायला मिळत नाही. अपडेट घेतलं की पहिला खेळ गेला. आणि काही वेळा वस्तूच जाते. ‘द क्रू’ नावाचा मोटारी पळवण्याचा खेळ युबिसॉफ्टने २०१४ साली काढला. तो कंपनीच्या सर्व्हरशी जोडल्याशिवाय चालतच नव्हता. ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद केले. ज्यांनी पैसे देऊन घेतला होता त्यांच्या कपाटात आता फक्त चकती आहे. आमच्या भाषेत, लॉकरची किल्ली ग्राहकाकडे, पण शाखाच उठवून नेली. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत २०१० पूर्वी तिथे निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज विकत मिळत नाहीत असं आढळलं. पोर्टलंड व्हाझ दोन हजार वर्षांचा आहे, तीनदा जोडलेला आहे, आणि जाऊन बघता येतो. चाळीस वर्षांचे खेळ बघता येत नाहीत.

म्हणून ‘बी’ विंगच्या मुलांनी जे टेबल मांडलंय त्याकडे पोरखेळ म्हणून बघू नका. त्यांनी प्रत्येक कॅसेटीला एक चिठ्ठी लावली आहे : खेळाचं नाव, मूळ की बदललेली, काय बदललं, आपण उघडून काय साफ केलं किंवा डाग दिला. ती पद्धत माझ्याकडून घेतली असं ते म्हणतात. माझ्या हंड्यांच्या चिठ्ठ्यांवर सही बॉलपेनची आहे, त्यांच्यावर टोपणनावं आहेत, पण चालेल.

आता दोन सूचना आणि मग चहा. एक, प्रदर्शनाच्या दुसऱ्या दिवशी संध्याकाळी सातनंतर ऑफिसमध्ये टॉर्च घेऊन बसेन. घरातली जुनी काच, दौत, फोटोची काच, काहीही आणा. फुटलेली असेल तर तुकड्यांसकट आणा, बारीक तुकडे केराच्या टोपलीत टाकू नका, जुन्या गोळ्यांच्या डबीत ठेवा. तपासून चिठ्ठी देईन, फी नाही. दोन, ज्यांच्या माळ्यावर मुलांचे जुने व्हिडिओ गेम, कॅसेटी, वायरी पडल्या असतील त्यांनी दिवाळीच्या सफाईत भंगारवाल्याला देण्याआधी या मुलांना दाखवाव्यात. त्यांना विशेषकरून ज्या चालत नाहीत अशाच हव्या आहेत. नावं वहीत लिहून ठेवायचं काम सेक्रेटरींनी त्यांच्याकडे घेतलं आहे, वही ऑफिसच्या खिडकीपाशी असेल.